स्फटिकराई: एका कल्पित समुद्रतळाची फेरमांडणी

एका अद्भुतरम्य कादंबरीमालेचा दुसरा भाग खोल समुद्रात घडतो. त्याच्या मध्यभागी स्फटिकराई आहे. पहिल्या खर्ड्यात ती अशी होती: पाण्याखाली आठ हजार मीटरवर, मैलोन्‌मैल पसरलेली, जांभळ्या, लाल आणि हिरव्या स्फटिकांची भित्ती. स्फटिक स्वतःच्याच तेजाने झळकतात, भोवती माशांचे थवे फिरतात, आणि पायथ्याशी ‘तळकरी’ नावाच्या जलमानवांचं हजारोंच्या वस्तीचं नगर आहे. तळकरी स्फटिक तोडून वरच्या राज्यांना दिव्यांसाठी विकतात. वरचा एक राजा सगळी राईच बळकावायला निघतो आणि युद्ध पेटतं.

सौंदर्य होतं, राजा होता, युद्ध होतं. तरीही खर्डा वाचलेल्यांचा अभिप्राय जवळपास एकच होता: राईची वर्णनं छान आहेत, पण ती राहिली काय आणि गेली काय, आम्हाला काही वाटलं नाही.

कल्पित जगांमधला निसर्ग तपासून देणं हे माझं काम. लेखिकेची अपेक्षा मर्यादित होती. माशांची नावं, पाण्याचा दाब, असल्या चुका दुरुस्त करून हव्या होत्या. खर्डा वाचल्यावर मी त्यांना कळवलं की दोष माशांच्या नावांत नाही. या राईला जगायला काहीच लागत नाही. ती कशातून उगवते, किती वेळात वाढते, तिच्यावर जगणारे काय खातात, यातलं काहीही ठरलेलं नाही. जिला काही लागत नाही तिचं काही हिरावूनही घेता येत नाही, मग राजा कितीही क्रूर असला तरी वाचकाच्या पोटात गोळा येणार कसा?

“पण ही अद्भुतकथा आहे,” लेखिका म्हणाल्या. “इथे भूगर्भशास्त्र कशाला?” आक्षेप रास्त होता. त्यातूनच आमचा करार ठरला. राईला निसर्गनियमातून एक सूट मिळेल, एकच. ती कोणती हे लेखिकांनी ठरवायचं. बाकी सगळं खऱ्या समुद्रात जसं घडतं तसंच घडेल, आणि त्या सुटीचीही किंमत राईला समुद्राच्याच चलनात मोजावी लागेल. सूट कशावर खर्च करायची हा निर्णय आम्ही मुद्दाम शेवटावर ठेवला. आधी सुटीशिवाय राई कुठवर उभी राहते ते पाहायचं होतं.

कशाची बनलेली?

सगळ्यात जास्त वेळ इथे गेला, आणि तो जायलाच हवा होता. खर्ड्यात नुसतं ‘स्फटिक’ एवढंच लिहिलं होतं. स्फटिक म्हणजे अणूंची शिस्तबद्ध रचना. ती मिठाचीही असते आणि हिऱ्याचीही. कोणता पदार्थ हे ठरल्याशिवाय तो कुठे वाढेल, कधी विरघळेल आणि कशाने फुटेल हे ठरत नाही. म्हणजे कथानकही ठरत नाही.

पहिला उमेदवार क्वार्ट्‌झ, म्हणजे सिलिकेचा स्फटिक, कारण सगळ्यांच्या डोळ्यांसमोर तोच येतो. पण थंड समुद्राच्या पाण्यात क्वार्ट्‌झचे मोठे स्फटिक वाढत नाहीत. कारखान्यात ते वाढवतात तेव्हा तीनशे अंश सेल्सिअसच्या वरचं तापमान आणि हजारेक वातावरणांचा (म्हणजे समुद्रसपाटीवरच्या हवेच्या हजारेक पट) दाब लागतो. समुद्राच्या पाण्यात विरघळलेली सिलिका इतकी कमी असते की तिथे सिलिकेची भित्ती उभी करणं फक्त सजीवांना जमतं. कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्याजवळ हेकेट सामुद्रधुनीत १९८७ मध्ये काचस्पंजांच्या भित्ती सापडल्या. अशा भित्ती फार पूर्वीच नामशेष झाल्या असं तोवर मानलं जायचं. काचस्पंज पाण्यातली सिलिका गाळून आपला सांगाडा विणतो, तो मेला की त्याच सांगाड्यावर पुढची पिढी बसते, आणि असं सुमारे नऊ हजार वर्षं चालत आलं आहे. मला स्वतःला ही शक्यता फार आवडली होती. पण काचस्पंज हा प्राणी आहे. लेखिकांना हवा होता खनिज स्फटिक, सजीव नसलेला आणि तरी वाढणारा. तो त्यांचा हट्ट नव्हता, कथेचा गाभा होता, म्हणून काचस्पंज बाजूला पडले.

मग जिप्सम, म्हणजे पाण्याचे रेणू धरून असलेलं कॅल्शियम सल्फेट. मेक्सिकोतल्या नाइका खाणीत २००० साली, जमिनीखाली सुमारे तीनशे मीटरवर खाणकामगारांना एक गुहा सापडली. तिच्यात जिप्समचे अकरा मीटरपर्यंत लांबीचे स्फटिक आडवेतिडवे उभे होते. ते इतके मोठे झाले कारण गुहा गरम, क्षारयुक्त पाण्याने भरलेली होती आणि त्या पाण्याचं तापमान प्रदीर्घ काळ ५८ अंशांच्या किंचित खाली स्थिर राहिलं. पाणी झपाट्याने थंड झालं तर असंख्य नवी बीजं पडतात आणि सगळेच स्फटिक बारीक राहतात. जवळजवळ काहीच बदललं नाही तर मोजकी बीजं पडतात आणि तीच वाढत जातात. २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोजणीनुसार तिथला मीटरभर जाडीचा स्फटिक घडायला सुमारे दहा लाख वर्षं लागली असावीत. ही गोष्ट ऐकल्यावर लेखिकांनी वहीत एकच शब्द लिहिला: स्थैर्य. पुढे तोच सगळ्यात उपयोगी पडला. पण जिप्सम मोकळ्या समुद्रात टिकत नाही, हळूहळू विरघळतो. बंद गुहेबाहेर त्याची राई अशक्य.

अॅनहायड्राइटचा विचार मात्र आम्ही बराच काळ सोडला नाही. हे कॅल्शियम सल्फेटच, पण पाण्याच्या रेणूंशिवायचं, आणि त्याचा स्वभाव उलटा आहे. बहुतेक क्षार गरम पाण्यात जास्त विरघळतात, हा गरम पाण्यात कमी विरघळतो. समुद्राचं पाणी सुमारे दीडशे अंशांपर्यंत तापलं की तो बाहेर पडून साचू लागतो. समुद्रतळावरच्या उष्ण झऱ्यांची धुराडी सुरुवातीला याचीच उभी राहतात. झरा थंडावला की धुराड्यातला हा भाग परत समुद्रात विरून जातो. तळाची आग विझली की राईच नाहीशी होते, ही कल्पना कादंबरीला शोभणारी होती. अडचण राहण्याची होती. इतक्या उष्ण झऱ्यांना खेटून तळकऱ्यांचं गाव वसवायचं तर दुसरी सूट लागली असती.

शेवटी निवड झाली इकाइटची. फारशा कोणाला माहीत नसलेलं हे खनिज. कॅल्शियम कार्बोनेटच्या एका रेणूला पाण्याचे सहा रेणू चिकटलेले असतात आणि ते फक्त गोठणबिंदूच्या आसपासच्या थंड पाण्यात तयार होतं. ग्रीनलंडच्या नैर्ऋत्येला इक्का नावाचा फियॉर्ड, म्हणजे डोंगरकड्यांमधली चिंचोळी खाडी, आहे. त्याच्या तळातून सोड्याच्या कार्बोनेटने भरलेलं अल्कधर्मी पाणी झिरपतं, वरच्या थंड, कॅल्शियमयुक्त समुद्रजलाला मिळतं, आणि जिथे ते मिळतं तिथे इकाइटचे पांढरे खांब वाढतात. शेकडो खांब, काही तर वीसेक मीटर उंच. एरवी अशा मिश्रणातून साधं कॅल्साइट, म्हणजे पाण्याच्या रेणूंशिवायचं कॅल्शियम कार्बोनेट, साचलं असतं. समुद्रजलातलं फॉस्फेट त्याला अडवतं आणि थंडी इकाइटला वाट करून देते. या खनिजाची पहिली नोंद याच फियॉर्डातून १९६३ मध्ये झाली. पुढे १९८२ मध्ये अंटार्क्टिकाजवळच्या ब्रान्सफील्ड सामुद्रधुनीच्या तळगाळातही त्याचे स्फटिक सापडल्याचं प्रसिद्ध झालं. म्हणजे खोल समुद्र त्याला परका नाही.

आणि मग तो गुण, ज्याने खर्ड्याचा कणा बदलला. पाणी सहा-सात अंशांच्या वर गेलं की इकाइट ढासळू लागतं. स्फटिकातलं पाणी सुटतं आणि मागे उरतो कॅल्साइटचा पांढरा चुरा.

हे सांगितलं तेव्हा लेखिका बराच वेळ बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, “म्हणजे राजाने सगळे स्फटिक वर नेले तरी त्याच्या हातात काहीच उरणार नाही.” दिव्यांचा व्यापार तिथेच संपला. खर्ड्याची पहिली तीन प्रकरणंही संपली, पण त्या क्षणापासून राईला एक शत्रू मिळाला होता: ऊब.

किती खोल?

हा निर्णय लवकर झाला. आठ हजार मीटरवर कॅल्शियम कार्बोनेट टिकूच शकत नाही. थंडी, दाब आणि पाण्यात विरघळलेला कार्बन डायऑक्साइड यांमुळे साधारण साडेचार-पाच हजार मीटरच्या खाली ते साचतं त्याहून वेगाने विरघळतं. म्हणून तिथल्या तळावर सूक्ष्म जीवांच्या कवचांचा पांढरा गाळ आढळत नाही, तपकिरी चिखल असतो. राई सुमारे नऊशे मीटरवर आणली. पाणी चार अंशांचं, दाब नव्वद वातावरणांच्या आसपास, सूर्यप्रकाश जवळजवळ शून्य. ‘खोल समुद्र’ म्हणायला एवढं पुरेसं आहे. आकडा मोठा लिहिला म्हणून खोली जास्त वाटते असं नाही. या खोलीचा आणखी एक फायदा होता, तो पुढे येईल.

प्रकाशाचं भांडण

खरा संघर्ष इथे झाला. झळकणारी राई हे लेखिकांचं मूळ स्वप्न होतं, पुस्तकाच्या मुखपृष्ठाचं चित्रही तेच ठरलेलं होतं. सूट इथेच वापरावी असा त्यांचा आग्रह होता. मी नको म्हणत होतो, आणि त्यामागे नियमांच्या प्रेमापेक्षा कथेची काळजी जास्त होती. अखंड झळकणाऱ्या राईत अंधार उरत नाही. कोणी लपू शकत नाही, काही अचानक समोर येत नाही. खोल समुद्रात जायचं आणि तिथला अंधारच घालवायचा, तर मग खोल जायचं कशाला?

आधी एक कटू गोष्ट मान्य करावी लागली. स्फटिक पाण्यात फारसे चमकत नाहीत. चमक येते ती स्फटिक आणि त्याच्याभोवतीचं माध्यम यांच्या अपवर्तनांकातल्या (प्रकाश किती वळतो ते सांगणाऱ्या आकड्यातल्या) फरकामुळे. हवेचा अंक १, पाण्याचा १.३३, क्वार्ट्‌झचा सुमारे १.५४. हवेत क्वार्ट्‌झच्या पृष्ठभागावर सरळ पडलेल्या प्रकाशापैकी साधारण साडेचार टक्के परत फिरतो, पाण्यात जेमतेम अर्धा टक्का. पाण्याचा अंक जवळ आला की पारदर्शक स्फटिकाच्या कडा पुसट होतात. दागिन्यासारखी लखलखणारी राई पाण्याखाली मंद दिसेल, आणि तिची स्वच्छ पाती तर दिसणारच नाहीत. लेखिकांना हे ऐकून वाईट वाटलं. मला मात्र त्यात धोका दिसला: डोळ्यांना न दिसणाऱ्या, धारदार पात्यांचं जंगल. पुढच्या खर्ड्यात राजाचे पाणबुडे जिथे पहिल्यांदा जखमी होतात ते पान इथून आलं.

रंगांचंही असंच. लाल प्रकाश पाणी वरच्या काही मीटरांतच शोषून घेतं. खोलवर जो प्रकाश असतो तो सजीवांनी केलेला असतो, आणि तो बहुतांशी निळा असतो. निळ्या उजेडात लाल स्फटिक काळाच दिसणार. मलॅकोस्टियससारखे थोडेच मासे लाल प्रकाश तयार करतात आणि तो पाहूही शकतात. लेखिकांना एक तरी लाल स्फटिक हवाच होता, तर तो ठेवला. राईच्या पोटात एक लाल शीर आहे. ती फक्त असा मासा जवळून गेला की दिसते आणि तो गेला की नाहीशी होते. तिच्यावर एक छोटंसं उपकथानक उभं राहिलं.

मग झळाळी? ती सजीवांना दिली. राईच्या खांबांवर स्पर्शाने पेटणारे जीव राहतात, खऱ्या समुद्रातल्या कित्येक जीवांसारखे. पाणी ढवळलं किंवा कोणी घासून गेलं की ते निळा प्रकाश फेकतात. इथे काचस्पंज परत कामाला आले. युप्लेक्टेला नावाच्या काचस्पंजाच्या बुडाशी असणारे सिलिकेचे धागे प्रकाश वाहून नेतात, दूरसंचारातल्या प्रकाशतंतूंसारखे. हे २००३ मध्ये दाखवलं गेलं. आमच्या राईत पातीही तसाच प्रकाश आतून पुढे नेतात. एका टोकाला कोणी हात लावला की उजेड खांबातून धावत जाऊन पलीकडे उमटतो.

यामुळे झळाळीला अर्थ आला. खर्ड्यात राई झळकत होती कारण ती सुंदर होती. आता ती झळकते याचा अर्थ तिथे कोणीतरी आहे. अॅटोला नावाचा जेलीफिश पकडला गेला की त्याच्या गोल घेरावर निळ्या ठिणग्या फिरतात. हल्लेखोराहून मोठा शिकारी त्या उजेडाने ओढला जावा म्हणून ही हाकाटी, असं शास्त्रज्ञ मानतात. २०१२ मध्ये जपानजवळच्या समुद्रात महाकाय माखलीचं चित्रण झालं, तेव्हा अॅटोलाच्या प्रकाशाची नक्कल करणारं उपकरण आमिष म्हणून वापरलं होतं. हे ऐकून लेखिकांनी मुखपृष्ठ बदलायचं ठरवलं: पूर्ण अंधार, आणि त्यातून धावत जाणारी एकच निळी रेघ. हा बदल त्यांनी स्वतःहून केला, मी सुचवला नव्हता, आणि मला तो पहिल्या चित्रापेक्षा कितीतरी जिवंत वाटतो. सूट अजून शिल्लक होती.

तळकरी काय खातात?

हजारोंचं नगर गेलं. नऊशे मीटरवर शेती नाही, शेवाळाची कुरणं नाहीत. वरून पडणारा सेंद्रिय कणांचा विरळ पाऊस, अधूनमधून बुडून आलेला देवमाशाचा देह, आणि तळातून येणारी रासायनिक ऊर्जा, एवढंच.

तळाची ऊर्जा आम्ही अटलांटिकमधल्या ‘लॉस्ट सिटी’ या झऱ्यांच्या क्षेत्रावरून घेतली. हे झरे २००० च्या डिसेंबरमध्ये सापडले, सातशे-आठशे मीटर खोलीवर, मध्य-अटलांटिक पर्वतरांगेच्या अक्षापासून सुमारे पंधरा किलोमीटर दूर. तिथे धग लाव्ह्याची नाही. भूकवचाखालच्या प्रावरणातला, ऑलिव्हीन हे खनिज असलेला खडक समुद्राच्या पाण्याशी संयोग पावतो, त्यातून उष्णता, हायड्रोजन आणि मिथेन सुटतात, आणि चाळीस ते नव्वद अंशांचं तीव्र अल्कधर्मी पाणी वर येतं. त्यातून साठ मीटरपर्यंत उंचीची पांढरी कार्बोनेटची धुराडी उभी राहिली आहेत. निदान तीस हजार वर्षं हे चालू आहे. सूक्ष्मजीव तिथल्या हायड्रोजन आणि मिथेनवर जगतात. प्रजाती पुष्कळ आहेत, पण प्राणी बहुतेक लहान आणि एकूण वजनाने कमी. माशांचे थवे तिथे नाहीत.

यातून राईचा नकाशा आपोआप निघाला. मध्यभागी कोमट धुराडी, तिथे अन्न. कडेला खडक वेगळा, कार्बोनेटने भरलेला. त्यातून थंड पाणी झिरपतं, तिथे इकाइटचे खांब. दोन्हींच्या मध्ये एक पट्टा, जिथे ऊब पोहोचते आणि स्फटिक कुजतात. तळकरी खातात मध्यावर आणि राखतात कडा. नगराऐवजी काही कुटुंबं उरली. देवमासा पडला की सगळी एकत्र जमतात, कारण एका मोठ्या सांगाड्यावर जीवसृष्टी काही दशकं तग धरू शकते. लोक कमी झाल्यावर प्रत्येकाला चेहरा आला. खर्ड्यात ‘नगरवासी ओरडले’ असं वाक्य वारंवार यायचं, ते पूर्ण गेलं.

राजाची रणनीतीही याच नकाशाने ठरवली. राई नष्ट करायला एकही खांब तोडावा लागत नाही. मधलं एक धुराडं बुडाशी फोडलं, तर कोमट पाणी थंड पट्ट्याकडे वळतं आणि बाकीचं काम आपोआप होतं.

सूट कशावर?

आता राई उभी होती, पण वरच्या लोकांना ती हवीच का, हे उरलं होतं. चुरा होणाऱ्या पांढऱ्या खांबांसाठी कोण युद्ध करेल? लेखिकांनी सूट इथे खर्च केली आणि माझ्या मते याहून चांगली जागा नव्हती. स्फटिक वाढताना आसपासचा आवाज स्वतःत धरून ठेवतो. तो ढासळतो तेव्हा तो आवाज एकदा ऐकू येतो. पुन्हा नाही.

ही सूट सुचली ती खोलीमुळे. पाण्यात ध्वनी सेकंदाला सुमारे दीड हजार मीटर वेगाने जातो. खाली जाताना पाणी थंड होतं तसा वेग कमी होतो, आणखी खाली दाबामुळे तो पुन्हा वाढतो. मध्यम अक्षांशांत हजारेक मीटरवर वेग सगळ्यात कमी असतो, आणि ध्वनी त्याच थरात वळूनवळून अडकून राहतो, फारसा न विरता दूरवर जातो. १९९१ मध्ये दक्षिण हिंदी महासागरातल्या हर्ड बेटाजवळ पाण्यात सोडलेले ध्वनिसंकेत अमेरिकेच्या दोन्ही किनाऱ्यांजवळ ऐकू आले होते. नऊशे मीटरवरची राई जवळपास या मार्गावरच उभी आहे. सगळ्या महासागराची हाकाटी तिच्यापाशी पोहोचते: दूरच्या देवमाशांची गाणी, हिमनग फुटल्याचे कडाके, बुडणाऱ्या जहाजांचे आवाज. जादू फक्त साठवण्यात आहे. आवाज तिथे येतो तो खऱ्या भौतिकीने.

किंमतही लगेच ठरली, आणि ‘स्थैर्य’ हा वहीतला शब्द इथे कामी आला. स्फटिक स्थिर पाण्यात, एकसारख्या तापमानात वाढला तर मोजकी, मोठी पाती तयार होतात आणि आवाज स्वच्छ धरला जातो. तापमान हललं तर बारीक स्फटिकांचा गठ्ठा होतो आणि आवाजाचे तुकडे पडतात. युद्धाचा गोंगाटही साठतो, तोही कायमचा. ज्या वर्षी राजाची यंत्रं तळ फोडत होती त्या वर्षीच्या थरांत दुसरं काही ऐकू येणार नाही, राई वाचली तरीही. लेखिकांनी यावर एक म्हातारी तळकरीण उभी केली. ती राईचे थर हाताने चाचपून सांगते की कोणत्या वर्षात कोणाचा आवाज आहे. तिच्या धाकट्या मुलाचा जन्म नेमका त्या गोंगाटाच्या वर्षातला.

राजाला आता कारण मिळालं. त्याची राणी जहाजासकट बुडाली आहे, आणि तिची शेवटची हाक कोणत्या तरी पात्यात आहे. ती ऐकायची तर ते पातं नष्ट करावं लागेल. कोणतं, हे त्याला माहीत नाही. तळकऱ्यांना माहीत आहे, पण त्याच पात्यात त्यांच्याही माणसांचे आवाज आहेत. दोन्ही बाजूंची मागणी समजण्यासारखी आहे. पहिल्या खर्ड्यातल्या राजाला फक्त हाव होती, आणि हाव असलेल्या राजाला वाचक ओळखतो, पण त्याच्यासाठी थांबत नाही.

मेलेल्या राईचं काय होतं, याचंही उत्तर खऱ्या खनिजांनी दिलं. गाळात अडकलेलं इकाइट ढासळलं की कधीकधी त्याच्याच आकारात कॅल्साइट बसतं. अशा अवशेषांना ग्लेंडोनाइट म्हणतात. ते प्राचीन खडकांत सापडतात आणि तिथे कधीकाळी थंड पाणी होतं याची खूण मानले जातात. राईच्या गाळात रुतलेल्या कोमट भागात म्हणून आकार तसाच उभा आहे, पाती शाबूत दिसतात, आत आवाज नाही. तळकऱ्यांची मुलं तिथे खेळतात. परक्यांना तोच भाग जिवंत वाटतो आणि ते आधी तोच लुटतात.

दुसरं वाचन

नवा खर्डा त्याच वाचकांकडे गेला. यावेळी वर्णनांचं कौतुक कमी आणि वाद जास्त झाले. राजाला ते एक पातं द्यायला हवं होतं की नाही, यावर ते एकमेकांशीच भांडले. म्हातारीचा मुलगा पुढे काय करतो, हे अनेकांनी विचारलं. अपवर्तनांक किंवा फॉस्फेट यांचा उल्लेख कादंबरीत कुठेही नाही, तो यायचं कारणही नव्हतं.

एक प्रश्न मात्र आम्हा दोघांनाही गाठणारा निघाला. ऊबेने पातं ढासळतं, तर राजाचे लोक ते बर्फात भरून का नेत नाहीत? प्रश्न पूर्ण बरोबर आहे. समुद्रतळावरून काढलेलं इकाइट अभ्यासासाठी थंडच ठेवावं लागतं आणि गोठणबिंदूजवळ ते टिकतं. लेखिकांसमोर दोन वाटा होत्या. दाब कमी झाला की पातं फुटतं असा नियम घालून प्रश्न बंद करता आला असता. पण ती दुसरी सूट ठरली असती आणि आमचा करार मोडला असता. त्यांनी दार उघडंच ठेवलं. दुसऱ्या भागाच्या शेवटी राजाच्या एका वैद्याच्या ध्यानात ही गोष्ट येते. तिसऱ्या भागाची सुरुवात उत्तरेकडच्या हिमनद्यांपासून होते. तिथे बर्फ तोडून जहाजांच्या पोटात भरला जातो आहे, आणि ती जहाजं राईपर्यंत पोहोचेस्तोवर किती बर्फ उरेल याचा हिशेब लेखिका आणि मी सध्या मांडत आहोत.